खुणेची डहाळी

गावात तापानं तिसरं पोर दगावलं, तेव्हा ओझानं, म्हणजे गावच्या मांत्रिकानं, घराघराच्या नावानं सालवृक्षाच्या डहाळ्या ओळीनं तळ्याकाठच्या चिखलात रोवल्या. “उद्यापर्यंत ज्या घराची सुकेल, त्या घरची बाई डाकीण!” विधवा पानमुनीनं आपली डहाळी देताना देठावर नखानं गुपचूप खूण केली होती. दुसऱ्या दिवशी भर दुपारी ती धावत तळ्यावर आली. तिच्या जागची डहाळी पार कोमेजली होती. तिनं ती उपटली. शेजारणीच्या हिरव्या डहाळीशी बदलणार, तोच देठ दिसला. त्यावर खूण नव्हती. म्हणजे कुणीतरी आधीच अदलाबदल केली होती. तिनं भराभर बाकीच्या डहाळ्या उपसल्या. तिची खूण सापडली गावप्रमुख मांझीच्या जागी. मागं कुणीतरी खाकरलं. मांझीच होता. “वहिनी,” तो अगदी मायेनं म्हणाला, “सुकलेली डहाळी तुझ्या हातात आहे, आणि बघणारा मी आहे.”