जामिनाला विरोध

वकिलांनी तिचं नाव घेतलं तशी मागच्या बाकावरची महामाया नकळत ताठ बसली.

"नांदेडला कायदा शिकवणाऱ्या डॉक्टर महामाया सोनकांबळे. त्या इथं हजरच आहेत," मळणीयंत्राच्या कंपनीचे वकील न्यायाधीशांना इंग्रजीत सांगत होते. सगळ्यांच्या माना तिच्याकडे वळल्या. "त्या लिहितात, पेटंट घेतलेल्या यंत्राची नक्कल ही चोरीच, आणि चोराची जागा तुरुंगात."

आपला निबंध भर कोर्टात वाचला जाणार, याचं तिला फार अप्रूप होतं. वकिलांच्या बोलावण्यावरून ती त्यासाठीच लातूरला आली होती. पण वकिलांनी पुढचं वाक्य गाळलं. आजच्या कायद्यात अशा नकलेला तुरुंग नाही. तो असावा, एवढंच तिनं सुचवलं होतं. उठून तसं सांगता आलं असतं. तिनं मांडीवरची पर्स घट्ट धरली.

समोर जळकोटचा वेल्डर संघपाल उभा होता. सोयाबीनच्या मळणीयंत्राची चाळणी कंपनीसारखी बनवून विकली म्हणून पोलिसांनी चोरीच्या कलमाखाली धरलेला. त्याच्याकडे तिनं आता कुठं पाहिलं. तिच्या विद्यार्थ्यांच्याच वयाचा होता.

जामिनाचा निकाल जेवणाच्या सुटीनंतर देऊ, असं म्हणून न्यायाधीश उठले.

व्हरांड्यात एक म्हातारी तिच्यासमोर येऊन उभी राहिली.

"जयभीम, बाई. म्या संघपालची माय, धुरपताबाई. तुमचं नाव निघालं तसं जजसायबानं कान टवकारले. विंग्रजी काय कळत न्हाई मला. पर आपली लेक माझ्या लेकरासाठी बोलली, तेवढं कळलं. लई उपकार झाले." फडकं सोडून तिनं भाकरीचा तुकडा महामायाच्या हातावर ठेवला. "नांदेडहून उपाशीच आल्या असाल."

भाकर हातात तशीच राहिली. वर बघायची महामायाला हिंमत होईना.

"मावशी, ते त्याच्या बाजूनं नव्हतं," ती कशीबशी म्हणाली. "मी लिहिलेलं त्याच्या विरुद्धच वाचलं. आणि मी गप्प बसले. तुमचे वकील कुठं आहेत? सुटी संपायच्या आत मला त्यांना गाठायचंय."



"विरुद्ध?" धुरपताबाई म्हणाली. "पर बाई, तुम्ही तर त्याला कधी पाह्यलंबी न्हाई."