दाराचा रंग

"तुझी नोकरी गेली समज," प्रकाशक डीटीपीवाल्याला म्हणाला आणि फोन टेबलावर उताणा ठेवला. त्यात फाइल उतरत होती. एका दुकानदाराने खबर दिली म्हणून तो फुकटात पुस्तकं वाटणाऱ्यांच्या एका ग्रुपमध्ये शिरला होता. अजून छापखान्याचं तोंडही न पाहिलेली कादंबरी तिथे खुशाल वाटली जात होती.

ऑफिसातली एकुलती रिकामी खुर्ची लेखिकेला दिलेली. डीटीपीवाला पुस्तकांच्या गठ्ठ्यावर बसला होता. गठ्ठा तिच्याच आधीच्या कादंबरीचा. सुतळी जशीच्या तशी.

"साहेब, मी नाही केलं."

"मग भुताने केलं? फाइल तिघांकडे. मी स्वतःच्या पोटावर पाय देणार नाही. आणि ताई काय आपलंच घर फोडतील?" तो लेखिकेकडे बघून हसला. ती हसली नाही.

"मीही कच्चा नाही. ताई, तुमच्या पहिल्या पानावर निळं दार आहे ना? याच्या फाइलमध्ये मी ते हिरवं करून दिलं. छापताना सुधारलं असतं. आता हिरवं निघालं की हा बाहेर."

डीटीपीवाला उठून उभा राहिला. "इतकी वर्षं तुमची पानं लावतोय. मला सापळा लावलात?"

"लावला."

"मग उघडा. आता उघडाच."

फाइल अर्धी उतरली होती. लेखिकेने पाण्याचा ग्लास उचलला आणि तसाच खाली ठेवला.

"जाऊ द्या ना," ती म्हणाली. "लोक वाचतायत तरी."

"जाऊ द्या काय? चोर आहे हा!"

तिने नजर गठ्ठ्याकडे वळवली.

फाइल उघडली. प्रकाशकाने फोन डोळ्यांशी नेला. एकदा वाचलं. पुन्हा वाचलं.

"निळं," तो म्हणाला आणि फोन टेबलावर ठेवला. "ताई?"

"हो, मी टाकली!" ती ओरडली. "ते बघा माझं पुस्तक. तुमच्या ऑफिसचं स्टूल! आणि तिथे एका दिवसात लोक शेवटावरून भांडतायत. माझ्या शेवटावरून! माझं आहे, मी वाटीन."

"वाटा. मग मी छापू कुणासाठी?"

डीटीपीवाला तिच्यासमोर येऊन उभा राहिला.

"तुमचं तुम्ही वाटा, ताई. पण फाइल अर्धी उतरली होती ना, तेव्हा बोलायचं होतंत."

टेबलावरचा फोन थरथरला. ग्रुपवर कुणीतरी काहीतरी टाकलं होतं. प्रकाशक हलला नाही. डीटीपीवाल्याने वाकून मोठ्याने वाचलं, "काय लिहिते ही बाई! हिची आधीची कादंबरी आहे का कुणाकडे? विकतची नको."

मग तो मागे गेला आणि पुन्हा गठ्ठ्यावर बसला.