समोरचं स्टेशन

"जिना केवढा उंच बांधलाय, कोण चढउतर करणार?" गॅलरीतून समोरच्या मेट्रो स्टेशनकडे बघत हे करवादले. "हो ना," म्हणत मी आमटी पुन्हा गरम करायला ठेवली.

घोडबंदर रोडला राहणारा आमचा मुलगा अपूर्व इतकी वर्षं ट्रॅफिकमुळे येत नव्हता. आता मेट्रो दारात आलीय, तर दर रविवारी जेवायला त्याची वाट बघताना हे स्टेशनातच नवी खोट काढतात. गेल्या रविवारी म्हणे पाटीच नीट दिसत नव्हती.

तेवढ्यात शेजारच्या गुडघेदुखीवाल्या कलावतीबाई डोकावल्या. "लेकीकडे मेट्रोनं जाऊन आले हो. सरकता जिना आहे, काही त्रास नाही."

त्या गेल्यावर हे गॅलरीतून आत येऊन पाटावर बसले.


"नीला, वाढ आता. त्याला यायचंच नाहीये गं."