धाकट्याची काळी जीभ

“माफी मागा म्हणतेय, पाय धरा म्हणत नाहीये,” बायको म्हणाली. “भावजींचं काही खरं नाही आता. आहेत तोवर जाऊन या.”

काचवाल्याने पाणी पिऊन पेला खाली ठेवला. “जाऊन काय होणार?”

“शाप काढतील. दिला त्यांनी, काढायचाही त्यांनीच.”

हे ती हसत म्हणाली. नळ गळतोय, माणूस बोलवा, असं सांगावं तशी.

शापाची गोष्ट गल्लीत सगळ्यांना ठाऊक होती. काचवाल्याच्या धाकट्या भावाची जीभ लहानपणापासून काळी. तो ‘पडशील’ म्हणाला की समोरचा पडायचाच. त्यांची आई गेली त्या सकाळी धाकट्याने दुकानावर निरोपावर निरोप धाडले. काचवाल्याच्या हातात मोठ्या आरशाचं काम होतं. ते पुरं करून, हात धुऊन तो संध्याकाळी घरी आला. आई केव्हाच गेली होती. बायको सासूच्या पायाशी बसून हंबरडा फोडत होती. धाकटा बराच वेळ वहिनीकडे बघत राहिला, मग दादाकडे वळला.

“या घरातलं एक मन आजपासून बधिर होईल,” तो म्हणाला. “टाचणी टोचली तरी कळायचं नाही.”

आणि तो घर सोडून गेला.

पुढे लेकीचं लग्न झालं. निघताना ती वडिलांच्या गळ्यात पडून रडली, तेव्हा काचवाला तिच्या खांद्यावरून गाडीची काच न्याहाळत होता. कोपऱ्यात बारीक तडा होता. लोक म्हणाले, काच कापता कापता याचं काळीजही काचेचं झालं. बायको सगळ्यांची समजूत घालायची. “शाप आहे तो. त्यांचा काय दोष?” ती ऑपरेशनसाठी दवाखान्यात होती तेव्हा तो एकदाही फिरकला नाही. घरी आल्यावर ती शेजारणीला म्हणाली, “बरंच झालं. नर्सशी मस्त गट्टी जमली माझी.”

मग मुलगा गेला. शाळेतून ताप घेऊन आला तो उठलाच नाही. दुसऱ्या दिवशी काचवाला दुकानात गेला, कारण एका इमारतीच्या खिडक्या द्यायच्या होत्या. भेटायला आलेल्या बायकांना पाणी दिलं ते बायकोने, त्यांचे डोळे पुसले तेही तिनेच.

“किती सावरलंय बाईने स्वतःला,” गल्ली म्हणाली. “नवरा हा असा दगड. तिनेही मोडून कसं चालेल?”

मुलाचा फोटो बघितल्यावर घशात काहीतरी दाटून यायला हवं, हे काचवाल्याला माहीत होतं. येत नव्हतं. शाप होता हे एका परीने बरंच होतं. का येत नाही, हे कुणाला सांगावं लागत नव्हतं.

तरी बायकोने सांगितलं म्हणून तो गेला.

धाकटा शहराच्या दुसऱ्या टोकाला, एका माडीवरच्या खोलीत राहत होता. उशांना टेकून बसला होता. त्याच्या अंगावर हाडं तेवढी उरली होती.

“दादा, तू?” तो म्हणाला. “वहिनी कशी आहे?”

“मजेत.”

“पोरगा गेल्याचं कळलं मला. तेव्हा कशी होती?”

“तिनेच घर सांभाळलं.”

धाकट्याने डोळे मिटून घेतले.

“माझं चुकलं त्या दिवशी,” काचवाला म्हणाला. पाठ केलेलं वाक्य होतं, नीट म्हटलं गेलं. “माफ कर आणि शाप काढ.”

“तुला कशाला हवंय?”

काचवाल्याने विचार केला. “पोरगा गेला आणि घरात कुणी धड रडलंसुद्धा नाही. बरं दिसत नाही ते.”

“मी रागाने बोललो नव्हतो रे,” धाकटा म्हणाला. “मला कीव आली होती.”

“आता काढ.”

“एकदा काढला की परत देता यायचा नाही. तेवढा दम नाही राहिला माझ्यात.”

“नकोच देऊस.”

 धाकटा कोरड्या ओठांवरून जीभ फिरवून हळूच म्हणाला, “ते मन मोकळं झालं.” आणि त्याने दादाचं मनगट धरलं. “सरळ घरी जा. दुकानात थांबू नकोस.”

बसमध्ये काचवाला वाट बघत बसला. आधी आईचा चेहरा आठवून पाहिला, मग मुलाचा. समोरच्या सीटवरची बाई पोराला थोपटत होती, तिच्याकडेही बघितलं. काही हललं नाही. औषध लागू पडायलाही वेळ लागतोच, त्याला वाटलं.

दुकान वाटेतच होतं. टेबलावर एक काच अर्धी आखून ठेवलेली होती. त्याने काच कापायची हिरकणी घेतली, रेघ ओढली, काच टिचकीसरशी सरळ तुटली. हात नेहमीसारखाच स्थिर होता. आणखी दोन काचा कापून त्याने शटर ओढलं.

घरापुढे गर्दी होती. शेजारीण धावत आली.

“अहो, होतात कुठे? दुपारी कपडे वाळत घालत होती, एकदम मटकन खाली बसली. तेव्हापासून रडणं थांबतच नाहीये. लेकीला फोन केलाय आम्ही.”

बायको आतल्या खोलीत जमिनीवर होती. केस सुटलेले, आवाज पार बसलेला. त्याला बघून तिने दोन्ही हात पुढे केले.

“अहो, आपला मुलगा गेला,” ती म्हणाली. आत्ता या क्षणी निरोप आल्यासारखी. “माझं बाळ गेलं हो!”

काचवाला दारात उभा राहिला. आता काहीतरी होईल म्हणून त्याने थोडा वेळ वाट पाहिली. मग चपला काढल्या आणि विचारलं, “जेवायचं काय केलंयस?”