प्रेमिलाच्या बेरजा

ऋषिकेशच्या पत्राला मधुसूदनरावांनी उत्तर दिलं नव्हतं. त्याला सोळा वर्षं झाली. पत्रासोबत आलेली गेमची कॅसेट आज मिनलच्या टेबलावर होती. तिकिटाएवढी वस्तू. ती इतकी वर्षं जपली हा मूर्खपणा की आज इथे आणली हा, हे त्यांना ठरवता येत नव्हतं. आपल्यामागे ती कुणाच्याही हाती लागेल, त्याआधी आत काय आहे ते बघून घ्यावं, एवढंच घरून निघताना वाटलं होतं.

"आत काही उरलं नसेलच, नाही?" त्यांनी तिसऱ्यांदा विचारलं.

"थांबा ना काका. पाहूनच तर राहिली मी."

नागपूरच्या सदरमधल्या आपल्या छोट्या दुकानात मिनल जुने खेळ नव्या मशीनवर चालवून देई. त्यासाठी नव्या मशीनच्या सॉफ्टवेअरला कंपनीने घातलेलं कुलूप ती आधीच तोडून ठेवी. कॅसेटमधला खेळ आणि त्यात साठलेलं सगळं तिने एका कार्डावर उतरवलं, कार्ड मशीनमध्ये घातलं आणि मशीन वहीसारखं उभं धरलं.

पत्र मधुसूदनरावांना पाठ होतं. 'बाबा, आई गेली तेव्हा मी खेळत नव्हतो. क्लासहून आलो तर मशीन तिच्या मांडीवर होतं. मी ते फक्त उचललं. मशीन तुम्ही फोडलंत, कॅसेट शाबूत आहे. पाठवतो आहे. एकदा बघा. मग लिहावंसं वाटलं तर लिहा.'

त्या संध्याकाळी सात वाजता ते ग्रंथालयातून घरी आले, तर प्रेमिला खुर्चीतच गेलेली होती. शेजारी सतरा वर्षांचा मुलगा हातात गेम घेऊन बसला होता. माणसं जमली, आणि त्यांच्यादेखत मधुसूदनराव ओरडले, "आई मरून राहिली होती अन् तू खेळत होतास?" भिडस्त माणूस. आयुष्यात एकदाच ओरडला. म्हणून सगळ्यांना ते खरं वाटलं. ऋषिकेश पुण्याला शिकायला गेला तो परत आला नाही.

"चालू झालं, काका! दोघं खेळत होते यावर. एक ऋषी. अन् ह्या कोण?"

पडद्यावर प्रेमिलाची सही होती. मशीनच्या लिहायच्या काडीने काढलेली. 'प्र'चा पाय लांब ओढलेला, किराण्याच्या यादीत असायचा तसाच. मधुसूदनरावांनी टेबलाची कड धरली.

खेळ रोजच्या बेरजा-वजाबाक्यांचा होता. उत्तरं पडद्यावर लिहायची, किती वेळ लागला ते बघायचं, आणि शेवटी त्या दिवसाबद्दल एक ओळ लिहायची. मिनल तारखा मागे-पुढे करत ओळी वाचू लागली.

"'ऋषीपेक्षा सात सेकंद आधी. मेला उगाच बढाया मारत होता.' ही बघा, 'आज ह्यांनी भाजीला नाव ठेवलं नाही. ताप असेल.'" मिनल खुदकन हसली. "काकू भारीच होत्या, काका!"

मधुसूदनरावही हसले. सतरा वर्षांत पहिल्यांदाच तिचं काही नवं ऐकत होते.

"ही त्यांची शेवटची. तेवीस जानेवारी." मिनलने मशीन हळूच त्यांच्याकडे वळवलं.

'छातीत दुखून राहिलं. ह्यांना फोन केला. निघतो म्हणाले. येईपर्यंत बेरजा करते.'

खाली वेळ होती. दुपारचे तीन वाजून दहा मिनिटं.

"काका," मिनल म्हणाली, "तुम्हाले माहीत नव्हतं हे?"

माहीत होतं. फोन ग्रंथालयातल्या त्यांच्याच टेबलावर वाजला होता. निघतो म्हणून त्यांनी चपला घातल्या, तेवढ्यात नव्या पुस्तकांचं पार्सल आलं. वरचं पुस्तक नुसतं चाळायला म्हणून उभ्याउभ्या उघडलं. मान वर केली तेव्हा साडेसहा वाजले होते. ही गोष्ट जगात दोघांनाच ठाऊक होती आणि त्यातली एक गेली होती. सतरा वर्षं ते याच हिशेबावर जगले होते.

"अजून एक ओळ आहे," मिनल म्हणाली. "ऋषीच्या नावावर. सव्वा वर्षानंतरची."

तारीख अकरा एप्रिल. त्याच्या पत्रावर बारा एप्रिल होती.

'मित्राच्या मशीनवर आईची ओळ वाचली. मी कुणाला सांगणार नाही.'

मधुसूदनरावांना दुकानातला पंखा ऐकू येईनासा झाला. पत्रात फोनचा शब्दही नव्हता, म्हणून मुलाला काही ठाऊक नाही असं ते धरून चालले होते. पत्र त्यांनी शंभर वेळा वाचलं होतं. ते आरोप शोधत होते, आणि पत्राने त्यांना स्वतःहून सांगायला मोकळी जागा सोडली होती.

"काका, बसा तुम्ही. पाणी आणू का?"

"नको," ते म्हणाले. "पोस्ट किती वाजता बंद होतं गं?"

पोस्टात त्यांनी सात अंतर्देशीय पत्रं घेतली. सहा पत्रं प्रेमिला गेली त्या संध्याकाळी घरात जमलेल्या माणसांना होती. थोरले भाऊ खाप्याला, मेहुणी कळमेश्वरला, बाकीचे चौघे नागपुरातच. मजकूर सहाही पत्रांत एकच, तिच्या फोनचा आणि उघडलेल्या पुस्तकाचा. कुठे खाडाखोड झाली नाही. ती पेटीत टाकून ते पुन्हा आत आले, सातव्यावर पुण्याचा पत्ता घातला, दोन ओळी लिहिल्या आणि तेही टाकलं.

'ऋषी, तू कुणाला सांगितलं नाहीस. मी आज सगळ्यांना सांगितलं.'