इंग्रजाने गाळलेला प्रवेश

"मास्तर, आवरा बिगीबिगी. भरतीचं पाणी भरलंय," गुणाजी तांडेल म्हणाला. होळीच्या नाटकातल्या बापाचं काम त्याच्याकडे होतं आणि उरणच्या मोरा बंदराला जाणारा मचवाही त्याचाच होता. त्यामुळे दुपारपासून त्याचा एक पाय हरेश्वर मास्तरांच्या अंगणातल्या तालमीत आणि दुसरा थळच्या किनाऱ्यावर होता.

घाई मास्तरांनाही होती. बसत होते, उठत होते, कोटाचा खिसा चाचपत होते. खिशात एक बंद पाकीट होतं आणि ते याच मचव्याने उरणला जायचं होतं. लेकीच्या, नलूच्या लग्नाचा होकार. स्थळ मीठखात्यातले हेडक्लार्क. वय सेहेचाळीस, बिजवर, पण इंग्रजी असं की साहेबाने अर्थ विचारावा. पेन्शनीत निघाल्यापासून मास्तरांशी इंग्रजी बोलायला गावात कोणी उरलं नव्हतं. हेडक्लार्क मुलगी बघायला आले तेव्हा दोघं तीन तास इंग्रजी बोलले. नलू दोनदा पोहे गरम करून ठेवून गेली. तिचं नाव विचारायचं मात्र पाहुण्यांकडून राहून गेलं.

नाटक मूळ फ्रेंच, दोन-अडीचशे वर्षांपूर्वीचं. कोण्या इंग्रजाने ते इंग्रजीत नेलं होतं आणि होळीला करायचं म्हणून मास्तरांनी तिथून मराठीत आणलं. फ्रान्समधला बाप घड्याळांचा वेडा, म्हणून मुलगी म्हाताऱ्या घड्याळजीला द्यायला निघालेला. आता थळात घड्याळ एकच, तेही कस्टमच्या चौकीत, आणि बंद. तेव्हा मास्तरांनी बापाला तपकिरीचं वेड लावलं आणि जावई तपकीरवाला केला. असल्या खुळ्या बापांचं मास्तरांना फार हसू येई.

ते सांगत आणि नलू लिहून घेई. नटांच्या नकलाही तिनेच उतरवल्या. नकलेत ज्याची त्याची वाक्यं तेवढी असतात. समोरचा काय बोलणार, ते तालमीत कळतं. मास्तरांनी नकला तपासल्या नव्हत्या. मुलीचं अक्षर मोत्यासारखं, त्यात तपासायचं काय?

तिसऱ्या अंकाची पहिलीच तालीम सुरू झाली. मुलगी झाला होता बाळाजी शिंपी. मिशी होळीच्या दिवशी काढीन, त्याआधी नाही, असं त्याने बजावून ठेवलं होतं. बाप लग्न ठरल्याचं सांगतो, त्यावर इंग्रजी पुस्तकातली मुलगी एक उसासा टाकते आणि आत जाते. बाळाजीने उसासा टाकला, पण गेला नाही. नक्कल डोळ्यांजवळ धरून म्हणाला,

"बाबा, तपकीर तुम्ही ओढायची आणि जन्मभर शिंकायचं मी?"

अंगणातली माणसं हसली. कुंपणापलीकडे सुकट पसरणाऱ्या बायकाही हसल्या. मास्तर सहा महिने या नाटकावर खपले होते आणि आजवर त्याला कोणी हसलं नव्हतं. त्यांनी भराभर पुस्तकाची पानं उलटली. वाक्य तिथे नव्हतं.

बाळाजी पुढे वाचतच होता. "मला एकदा विचारलं असतंत, तर कदाचित हो म्हटलं असतं. पण विचारायला हवं होतं."

या वेळी कोणी हसलं नाही. सगळे बापाकडे, म्हणजे गुणाजीकडे, बघू लागले.

"माज्या नकलंत काय न्हाय," गुणाजी म्हणाला. "नुसतं लिवलंय, बाप बोलत नाही, खाली बघतो. मास्तर, खलाशांवर वरडणाऱ्या तांडेलाला गप ऱ्हायला सांगता? मला न्हाय जमायचं. एक वाक्य तरी द्या."

"देतो," म्हणून मास्तर उठले आणि पुस्तकात बोट घालून घरात गेले.

दाराआड नलू भिजवलेल्या वालाच्या डाळिंब्या सोलत बसली होती. पातेल्यात एकेक डाळिंबी टपकत होती.

"हे इंग्रजीत नाही," मास्तर म्हणाले.

"फ्रेंचमध्ये असेल, अप्पा."

"तुला फ्रेंच कधीपासून यायला लागलं?"

"तुम्हीच वाचून दाखवलंत. पहिल्या पानावर त्या इंग्रजाने लिहिलंय, मुलगी बापाला उलट बोलते तो प्रवेश सभ्य वाचकांसाठी गाळला आहे. गाळला, म्हणजे होता."

"होता. पण ती हेच म्हणाली असेल कशावरून?"

"मग दुसरं काय म्हणाली असेल?" नलूने मान वर केली नाही. डाळिंबी टपकली.

मास्तरांना इंग्रजीत तीन उत्तरं सुचली. मराठीत एकही सुचेना.

"मास्तर, पाणी फिरतंय," बाहेरून गुणाजीची हाक आली. "चिठ्ठी देताय ना?"

मास्तर ओटीवर आले. हात खिशाकडे गेला आणि तिथेच राहिला. सकाळपासून पाकिटाचं टोक बाहेर डोकावत होतं. ते त्यांनी दोन बोटांनी आत दाबलं.

"आज नाही जायचं पत्र."

"का वो? दिसतंय की खिशात. लिवून झालं न्हाय?"

"लिहून झालंय," मास्तर म्हणाले. "विचारायचं राहिलंय."

आत डाळिंब्यांचा आवाज थांबला.

गुणाजीने तोंड उघडलं आणि मिटलं. मग काही न बोलता त्याने खाली बघितलं. पहिल्याच खेपेला जमलं.