खिडकी लावून घे

"फ्रीजमध्ये झोपवलंय मला या बाईनं," नवरा गोधडीतून पुटपुटला.

सुट्टीची सकाळ होती. बाहेर दात वाजतील अशी थंडी, आणि चिमीनं खिडकी सताड उघडून ठेवलेली. तिच्या मानेवरून घाम ओघळत होता.

"असू दे, असू दे," तो लगेच विरघळला. "अशा दिवसांत होतंच म्हणे."

आठ वर्षं चिमी बांधकामावरची उंच क्रेन चालवत होती. एकदा शिडी चढून केबिनमध्ये बसलं की संध्याकाळपर्यंत खाली उतरणं नाही. पाण्याचा घोटसुद्धा बेतानं घ्यायचा, तिथे दर महिन्याचं कुठे निस्तरणार? डॉक्टरीणबाईंनी गोळ्या लिहून दिल्या. खंड न पाडता घेतल्या, पाळी थांबली. "माझा महिना आता फक्त पगारालाच येतो," असं ती बरोबरच्या बायकांना सांगायची.

कुरकुर करायची ती एकटी आई. "पुरे झाल्या गोळ्या. आधी मूल होऊ दे."

"एवढी कसली घाई? अजून चौतीस पुरी नाहीत मला."

यावर आई उठून घासलेलीच भांडी पुन्हा घासायला घ्यायची.

अडीच महिन्यांपूर्वी चिमीला जमिनीवरचं काम मिळालं. त्याच दिवशी गोळ्या बंद केल्या. पाळी काही आली नाही. नवऱ्यानं पाळण्यासाठी छताला हूक ठोकला आणि वजन पेलेल का, हे क्रेनवालीलाच विचारलं. आज दुपारी डॉक्टरीणबाईंकडे जायचं होतं. त्यासाठी आईला मुद्दाम बोलावून घेतलं होतं.

आई चहा घेऊन आली. उघड्या खिडकीकडे बघून दारातच थबकली.

"आई, तुम्हीच सांगा हिला, खिडकी लावून घे म्हणावं," नवरा म्हणाला.

"तिला काय सांगतोस?" चिमी हसली. "मी सहावीत होते तेव्हा भर थंडीत हीच खिडक्या उघडायची. मी दप्तर पोटाशी धरून कुडकुडायचे. मला वाटायचं, आता भाऊ येतोय."

"मग?"

"मग काय, मी एकुलती."

नवरा हसला. आईनं चहा खाली ठेवला. ती खिडकीपाशी गेली, कडीवर हात ठेवून तशीच उभी राहिली.

"चिमे," ती वळून न बघता म्हणाली, "घरात कुणाची पाळी लवकर गेली होती का, असं डॉक्टरीणबाई विचारतील. माझी गेली होती म्हणून सांग. तेहतिसाव्या वर्षी."